होम लोन: ५० लाखांचा फ्लॅट शेवटी कितीला पडतो? पहिल्या वर्षाचा हिशेब हातात आला म्हणून विचारतोय

साखळीकर | १४ एप्रिल २०२५, रात्री १०.४०

नमस्कार मंडळी. मूळचा साखळीचा, नोकरी कुंडईला इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये, गेल्या वर्षी मार्चमध्ये फोंड्यात टू बीएचके घेतला. ५० लाखांचा, १० लाख आम्ही भरले (त्यातले चार बाबांच्या पीएफचे), ४० लाखांचं लोन, २० वर्षं, ८.५ टक्के फ्लोटिंग (बाजाराप्रमाणे वरखाली होणारा दर). हप्ता ३४,७१३.

आज बँकेकडून वर्षाचं इंटरेस्ट सर्टिफिकेट आलं. ऑफिसात प्रिंट काढून घरी आणलं, जेवणं झाल्यावर टेबलावर ठेवलं आणि बायकोला म्हटलं बघ जरा, मला कदाचित नीट वाचता येत नाहीये. वर्षभरात भरले ४,१६,५५६. त्यातलं व्याज ३,३६,९४४. मुद्दल फिटलं ७९,६१२. तिने पेन्सिलीने ७९,६१२ भोवती गोल केला आणि काही बोलली नाही. ती पण नोकरी करते, पाच तारखेला हप्ता कापला की उरलेला महिना कसा काढायचा ते तीच बघते.

मग रात्री बसून पुढचं गणित केलं. २४० हप्ते म्हणजे ८३ लाख ३१ हजार, त्यात व्याजच ४३ लाख ३१ हजार. मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागापेक्षा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षं जाणार. अर्धं कर्ज, म्हणजे २० लाख, फिटायला पावणेचौदा वर्षं, मुलगी आत्ता दोन वर्षांची आहे ती तेव्हा नववी-दहावीत असेल.

लोन घेताना मी फक्त हप्ता झेपतो का एवढंच बघितलं हो. कोणीच सांगितलं नाही असं म्हणणार नाही, मी विचारलंच नाही. आता विचारतोय. ज्यांनी दहा-पंधरा वर्षं भरलंय त्यांनी खरं सांगा, घर शेवटी कितीला पडतं आणि आत्ता पहिल्याच वर्षी माझ्या हातात करण्यासारखं काय आहे?

---

माशेलची_ताई | १४ एप्रिल, रात्री ११.१५

तुमच्या हिशेबात अजून बऱ्याच गोष्टी धरलेल्या नाहीत. स्टॅम्प ड्युटी आणि रजिस्ट्रेशन कुठे आहे? आपल्या गोव्यात रजिस्ट्रेशन फी पण टक्क्यातच असते, हजार-दोन हजारात होत नाही. आमच्या वेळी दोन्ही मिळून तीन लाखांच्या वर गेले आणि त्याला लोन मिळत नाही, ते हातातून. शिवाय प्रोसेसिंग फी, त्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा टायटल सर्च, व्हॅल्युएशनवाल्याचे पैसे.

पण मला विम्याबद्दल लिहायचंय. सँक्शन झाल्यावर बँकेतला माणूस म्हणाला लोनचा विमा कंपल्सरी आहे मॅडम, सगळेच घेतात. एकरकमी प्रीमियम १ लाख २० हजार. खिशातून द्यायचे नाहीत, लोनमध्येच टाकतो म्हणाला, हप्त्यात हजारभराचा फरक पडेल. आम्ही सही केली. तीन वर्षांनी माझ्या भावाने कागद बघितले तेव्हा कळलं की कायद्याने असा विमा घ्यायलाच पाहिजे असं काही नाही. आणि १ लाख २० हजार लोनमध्ये टाकले की त्यावरही ८.५ टक्क्यांनी २० वर्षं व्याज, म्हणजे तो विमा जवळजवळ अडीच लाखांना पडला. बरं कव्हर पण लोनच्या शिल्लकीबरोबर दरवर्षी कमी होत जाणारं. साधा टर्म प्लॅन (ठरावीक वर्षांचा नुसता जीवन विमा) वेगळा घेतला असता तर कव्हर पूर्ण राहिलं असतं.

विमा नको असं म्हणत नाहीये मी. दोन मुलं असलेल्या घरात तो हवाच. पण तो कर्ज काढून कशाला घ्यायचा? साखळीकर, तुमच्या सँक्शन लेटरमध्ये बघा असा काही आकडा आत बसलाय का.

---

साखळीकर | १४ एप्रिल, रात्री ११.३२

ताई बघितलं, नशिबाने नाहीये. ऑफिसचा मित्र बरोबर होता त्याने नको म्हणायला लावलं होतं.

---

निवृत्त_कॅशियर | १५ एप्रिल, सकाळी ७.०५

साखळीकर, मी ३१ वर्षं बँकेत काढली, त्यातली शेवटची नऊ लोन डेस्कवर. आधी एक गैरसमज काढतो, कारण तो तुझ्या लिहिण्यात नाही पण वाचणाऱ्यांच्या मनात येतो. लोक म्हणतात बँक व्याज आधी वसूल करून घेते आणि मुद्दल मागे ठेवते. तसं नसतं. प्रत्येक महिन्याला जी शिल्लक आहे तिच्यावर त्या महिन्याचं व्याज लागतं, बस. ४० लाखांवर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज २८,३३३ होतं. हप्ता ३४,७१३. उरले ६,३८० ते मुद्दलात. शिल्लक तेवढीच कमी झाली, म्हणून पुढच्या महिन्याचं व्याज ४५ रुपयांनी कमी. एवढंच. यंत्र साधं आहे. पण याचा अर्थ असा की सुरुवातीच्या वर्षांत मुद्दलात टाकलेला प्रत्येक जादा रुपया उरलेली सगळी वर्षं तुझ्यासाठी काम करतो. तोच रुपया पंधराव्या वर्षी टाकलास तर त्याला कामाला पाचच वर्षं मिळतात.

म्हणून पहिल्या वर्षी जागा झालास हे फार चांगलं झालं.

मुदतीचं पण सांगतो, कारण काउंटरवर रोज बघायचो. हेच ४० लाख १५ वर्षांना घेतले तर हप्ता ३९,३९०, एकूण ७० लाख ९० हजार. २० ला तुझे ८३ लाख ३१ हजार. ३० वर्षांना हप्ता ३०,७५७ आणि एकूण १ कोटी १० लाख ७२ हजार. म्हणजे २० चे ३० केले की हप्ता चारच हजारांनी उतरतो आणि भरायचे सत्तावीस लाख ४१ हजार वाढतात. माणसं समोर बसून हप्ता तेवढा खाली आणा साहेब म्हणायची आणि आम्ही मुदत वाढवून द्यायचो. ज्याला खरंच झेपत नव्हतं त्याला दुसरा रस्ता नव्हता. पण ज्याला झेपत होतं तोही तेच मागायचा, आणि तेव्हा मी हे आकडे कागदावर लिहून समोर ठेवायला हवे होते. काहींच्या समोर ठेवले, सगळ्यांच्या नाही.

---

पर्वरी_पूल | १५ एप्रिल, दुपारी १.२०

काकांनी गणित सांगितलं पण ते दर २० वर्षं तोच राहील असं धरून. माझं ऐका. सप्टेंबर २०२१ ला लोन घेतलं, ३५ लाख, ६.७ टक्के, २० वर्षं, हप्ता साडेसव्वीस हजार. तेव्हा रेपो (आरबीआय बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो दर) ४ टक्के होता, सगळे म्हणत होते असे दर परत मिळणार नाहीत, आणि ते खरंच होतं म्हणा. मे २०२२ पासून आरबीआयने वाढवायला सुरुवात केली ती फेब्रुवारी २०२३ ला ६.५ वर नेऊन थांबवला. अडीच टक्के, नऊ महिन्यांत. ऑक्टोबर २०१९ नंतरची बँकांची फ्लोटिंग होम लोन बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँकेने स्वतः न ठरवलेल्या दराला, बांधलेली असतात, बहुतेकांची रेपोलाच, त्यामुळे माझा दर गेला ९.२ वर.

हप्ता बदलला नाही म्हणून मला काही कळलंच नाही!! खात्यातून तेच साडेसव्वीस हजार जात होते. एप्रिल २३ ला सहज स्टेटमेंट काढलं तर हप्त्यातलं जवळजवळ सगळं व्याजात, मुद्दलात जेमतेम सहाशे रुपये. तोच हप्ता ठेवला असता तर फिटायला साधारण चाळीस वर्षं लागली असती, मी आत्ताच ४१ चा आहे. ब्रँचमध्ये गेलो, हप्ता वाढवून घेतला, ३१ हजार आठशेच्या आसपास, तेव्हा कुठे मूळच्या मुदतीत आलं. महिन्याला पाच हजार तीनशे जास्त. त्या वर्षी चवथीला (गणपतीला) गावच्या घरी रंग काढायचा होता तो राहिला.

आता ऑगस्ट २०२३ च्या आरबीआयच्या सर्क्युलरप्रमाणे दर बदलताना बँकेने विचारायला पाहिजे की हप्ता वाढवू, मुदत वाढवू की दोन्ही थोडं थोडं. आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायला पाहिजे ज्यात आतापर्यंत मुद्दल किती व्याज किती, हप्ते किती उरले हे लिहिलेलं असतं. ते ईमेलला येऊन पडतं आणि आपण उघडत नाही. उघडा.

---

निवृत्त_कॅशियर | १५ एप्रिल, दुपारी ३.५०

पर्वरीने लिहिलंय ते अगदी खरं, आणि उलटही बघायला पाहिजे. फेब्रुवारी २०२५ मध्ये रेपो ६.२५ झाला आणि ९ एप्रिल २०२५ ला ६. साखळीकर, तुझ्या लोनची रिसेटची, म्हणजे दर नव्याने ठरायची, तारीख बघ, तिमाहीची असणार. पुढच्या रिसेटला ८.५ चा ८ व्हायला हवा. झाला नाही तर लेखी विचार. आणि दर उतरला की हप्ता कमी करून मागू नकोस, हप्ता तोच ठेव, मुदत आपोआप उतरते.

दुसरं, नवीन गिऱ्हाइकाला बँक जो स्प्रेड (रेपोच्या वर घेते ते टक्के) लावते तो जुन्याला लावेलच असं नाही. दोन-तीन वर्षांनी आजचा नवा दर किती ते विचारायचं आणि आपला त्याहून जास्त असेल तर कन्व्हर्जन, म्हणजे नव्या दरावर बदलून, मागायचं, थोडी फी घेतात पण बहुतेक वेळा वसूल होते.

---

दुधसागर_७ | १५ एप्रिल, संध्याकाळी ६.३०

मी थोडं वेगळं मत मांडतो, रागावू नका. ८३ लाख हा आकडा भीतीदायक वाटतो कारण आपण आजचे रुपये आणि २०४४ चे रुपये एकाच पिशवीत टाकून मोजतोय. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटचा ३४,७१३ चा हप्ता आजच्या किमतीत १३-१४ हजारांचा असेल. माझ्या वडिलांनी मडगावला १९९८ मध्ये घर घेतलं तेव्हा ४,२०० चा हप्ता ऐकून आई रडली होती, शेवटी शेवटी तो हप्ता आमच्या केबल आणि पेट्रोलच्या खर्चाएवढा झाला.

आणि लोन नसतं घेतलं तर भाडं भरलंच असतं ना, ते कुठे मोजताय? फोंड्यात टू बीएचकेला १५ हजार धरा, दरवर्षी पाच टक्के वाढ, २० वर्षांचं भाडं साठ लाखांच्या आसपास जातं. म्हणून व्याज सगळं वाया असं मला वाटत नाही. राहायची किंमत कुठूनतरी द्यावीच लागते.

---

माशेलची_ताई | १५ एप्रिल, रात्री ९.१०

दुधसागर, पटलं, पण भाडेकरूला टेरेसची गळती भरावी लागत नाही. आमची बिल्डिंग नऊ वर्षांची, आम्ही सगळ्यात वरच्या मजल्यावर. तिसऱ्या पावसाळ्यात बेडरूमच्या कोपऱ्यात ओल आली, आधी हाताएवढा डाग, जुलैअखेर कपाटामागची अख्खी भिंत, पोपडे हाताने निघायचे, आत सळी दिसत होती गंजलेली. बिल्डरने फोन उचलणं बंद केलं. शेवटी सोसायटीने टेरेसवर पत्र्याचं छप्पर घातलं, प्रत्येक फ्लॅटला ४२ हजार. गोव्यात जिथे बघाल तिथे बिल्डिंगवर पत्रे दिसतात ना, त्या प्रत्येक पत्र्याखाली अशी एक मीटिंग झालेली असते.

महिन्याचा मेंटेनन्स २,२००, घरपट्टी, दर चार-पाच वर्षांनी रंग, ग्रिल आणि नळ तर खाऱ्या हवेने लवकरच जातात. हे कुठल्याही ईएमआय कॅल्क्युलेटरमध्ये नसतं. मी वहीत लिहून ठेवते, नऊ वर्षांत घरावर (हप्ता सोडून) सव्वापाच लाख गेलेत.

---

केपेकर | १६ एप्रिल, सकाळी ८.४५

अंडर कन्स्ट्रक्शन घेणाऱ्यांसाठी. बिल्डर स्लॅब टाकतो तसतशी बँक रक्कम सोडते आणि सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते, प्री-ईएमआय म्हणतात त्याला. माझे २५ लाख सोडून झाले होते आणि काम थांबलं. महिन्याला १७,७०८ व्याज, वर भाडं १४ हजार. ३१ महिने. म्हणजे साडेपाच लाख भरले आणि मुद्दल एक रुपया हललं नाही, पझेशनच्या दिवशी लोन २५ चं २५. शिवाय फ्लॅटच्या किमतीवर ५ टक्के जीएसटी वेगळा, जो कंप्लिशन झालेल्या फ्लॅटवर लागत नाही. गोवा रेराच्या (बिल्डरांच्या प्रोजेक्टवर लक्ष ठेवणारं सरकारी प्राधिकरण) साइटवर प्रोजेक्ट आणि त्याची पझेशनची तारीख बघूनच पुढे जा, आणि शक्य असेल तर पूर्ण ईएमआय पहिल्यापासून सुरू करा.

---

कुळागर | १६ एप्रिल, सकाळी ११.३०

टॅक्सचं कोणी बोललं नाही म्हणून. "व्याज गेलं तरी टॅक्समध्ये वाचतं" हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय. साखळीकरांचं व्याज ३ लाख ३७ हजार, राहत्या घराला वजावट जास्तीत जास्त २ लाख, आणि तीही जुन्या रिजीममध्येच, म्हणजे टॅक्स मोजायच्या जुन्या पद्धतीत. नवीन रिजीममध्ये राहत्या घराच्या व्याजाला काहीच नाही. ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये असाल तर २ लाखांवर ६२,४०० वाचतात, २० च्या स्लॅबला ४१,६००. म्हणजे व्याज भरायचं ३ लाख ३७ हजार आणि परत येणार साठ हजार, तेही जुनी रिजीम तुम्हाला फायद्याची असेल तर.

आता आपल्या गोव्याची खास गोष्ट. ज्या नवराबायकोला पोर्तुगीज नागरी कायद्याची सामाईक मालमत्ता लागू आहे त्यांना इन्कम टॅक्सचं कलम ५ए लागतं. पगार सोडून बाकीचं उत्पन्न दोघांत अर्धं अर्धं वाटलं जातं, त्यात घराचं उत्पन्नही आलं, आणि होम लोनच्या व्याजामुळे तिथे जो तोटा दिसतो तोही. माझी बायको घरी असते, तिला उत्पन्न नाही, त्यामुळे अर्धा तोटा तिच्या नावावर गेला आणि काही उपयोगाचा राहिला नाही. पुण्याच्या मेव्हण्याचं बघून मी पूर्ण २ लाख माझ्या रिटर्नमध्ये टाकले होते, सीएने फॉर्ममधलं शेड्यूल ५ए दाखवलं तेव्हा कळलं. साखळीकर, तुमची बायको कमावते तर तुमचं तेवढं वाया जाणार नाही, पण तिच्या रिटर्नमध्येही दाखवायला लागेल. सीएला भेटाच.

---

साखळीकर | १६ एप्रिल, रात्री १०.०५

५ए चं मला शून्य माहीत होतं, देव बरें करूं. आम्ही दोघं नवीन रिजीममध्ये आहोत, म्हणजे व्याजावर काहीच सूट नाही. मग ८.५ टक्के म्हणजे सरळ ८.५ टक्के.

आमची एक लाखाची एफडी २० तारखेला मॅच्युअर होतेय. बायको म्हणते लोनमध्ये टाकूया, बाबा म्हणतात हातात राहू दे, आजारपण सांगून येत नाही. काका, तुम्ही सांगा.

---

निवृत्त_कॅशियर | १७ एप्रिल, सकाळी ६.५०

बाबांचं आधी ऐक. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च भागेल एवढे पैसे वेगळे आहेत का? नसतील तर एफडीचे पैसे लोनमध्ये टाकू नको, आधी ते उभं कर. लोनमध्ये गेलेला पैसा सहज परत निघत नाही (ओव्हरड्राफ्टवालं होम लोन असतं त्यात निघतो, पण तुझं तसं दिसत नाही).

ते असेल, तर टाक. तुझी शिल्लक ३९,२०,३८८ आहे आणि हप्ते उरलेत २२८. एक लाख टाकून मुदत कमी करून घेतलीस तर हप्ते २१५ होतात, शेवटचा छोटा. एक लाख देऊन चार लाख ७७ हजारांचे हप्ते वाचले, म्हणजे निव्वळ ३ लाख ७७ हजार. त्याच लाखात हप्ता कमी करून घेतलास तर महिन्याला ८८५ रुपये उतरतील आणि शेवटपर्यंतची निव्वळ बचत साधारण एक लाख दोन हजार. म्हणून काउंटरवर स्पष्ट सांगायचं, मुदत कमी करा, हप्ता तोच. नाही सांगितलं तर जे त्यांच्या सिस्टीममध्ये असेल ते होतं.

आणि दरवर्षी जमलं तर एक जादा हप्ता. बोनस, एरियर्स, काहीही. नुसत्या त्याने तुझं लोन २० च्या जागी १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि सव्वाआठ लाख व्याज वाचतं. फ्लोटिंग होम लोनवर व्यक्तीला प्रीपेमेंटचा दंड २०१२ पासून बँक लावू शकत नाही, कोणी मागितला तर देऊ नको.

---

दुधसागर_७ | १७ एप्रिल, सकाळी ९.३०

मी एरवी एसआयपी (दरमहा म्युच्युअल फंडात गुंतवणूक) करा म्हणणारा माणूस आहे, पण नवीन रिजीममध्ये असाल तर ८.५ टक्के खात्रीचे आणि टॅक्स नसलेले दुसरीकडे मिळणं कठीण. काकांशी सहमत.

---

पर्वरी_पूल | १७ एप्रिल, सकाळी १०.१०

आणि लोन संपेल तेव्हा (संपणारच) ओरिजिनल सेल डीड आणि बाकी कागद ३० दिवसांत परत मिळायला पाहिजेत, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० भरपाई, डिसेंबर २०२३ पासून नियम आहे. माझ्या मावसभावाला जुन्या दिवसांत कागदांसाठी सात महिने फेऱ्या माराव्या लागल्या होत्या.

---

साखळीकर | २४ एप्रिल, रात्री ९.२०

अपडेट देतो. हातातला पैसा मोजला, बायकोच्या आरडीसकट सहा महिन्यांचं निघतं. बाबांना कागद दाखवला, २२८ आणि २१५. ते चष्मा लावून बराच वेळ बघत बसले, मग म्हणाले टाक.

सोमवारी हाफ डे टाकून ब्रँचला गेलो. काउंटरवरच्या मुलीने एक लाख घेतले आणि स्क्रीनवर हप्ता ३३,८२८ करून दाखवला, सर तुमचा ईएमआय कमी झाला म्हणून. मी म्हटलं नको, मुदत कमी करा. तिने आत जाऊन विचारलं, मग म्हणाली अर्ज द्या. तिथेच उभ्याने लिहिला. आज नवीन शेड्यूल ईमेलला आलं, हप्ता ३४,७१३, उरलेले हप्ते २१५. १ मेला रिसेट आहे, त्याचंही लेखी विचारून आलोय.

बायकोने फ्रिजवर चिकटवलंय, यावेळी २१५ भोवती गोल.

---

माशेलची_ताई | २४ एप्रिल, रात्री ९.४५

फार बरं वाटलं वाचून. अर्जाची पोच घेतली ना?

---

साखळीकर | २४ एप्रिल, रात्री ९.४८

हो ताई, शिक्का आणि तारखेसकट.